इद्दिरच्या वहीतलं खोडलेलं नाव

अदिस अबाबा, तिकिम्त ४

बिर्के,

माझं अक्षर ओळखून तू पाकीट बाजूला टाकशील, हे धरूनच लिहिते आहे. चार वर्षांत तू मला लिहिलं नाहीस, मीही तुला लिहिलं नाही, तेव्हा कुणाचे कुणावर उपकार नाहीत. एतेते मुलूची भाची गुरुवारी बैरुतला कामाला निघाली आहे. तिच्या पिशवीत तुझ्यासाठी बेर्बेरे तिखट आहे. त्या पुडीखाली हे पाकीट.

आधी जुनं. तुझ्या बैरुतच्या कामाच्या अर्जात वय पंचवीस लिहायला मी नकार दिला, कारण तू एकोणीस वर्षांची होतीस. दलालाने लिहिलं आणि तू गेलीस. तो अर्ज आज पुन्हा माझ्यापुढे ठेवलास तरी मी एकोणीसच लिहीन. पण "हिला माझं भलं बघवत नाही" हे तू नळावर, भरलेल्या रांगेसमोर म्हणालीस. ते मी अजून विसरले नाही. विसरायचा प्रयत्नही केलेला नाही.

आता कामाचं. तू दर रविवारी फोन करतेस आणि तुझी आई उचलत नाही, उचललाच तर "बरी आहे, बरी आहे" म्हणून ठेवून देते, असं तू भाचीला फोनवर सांगितलंस. ती तुझ्यावर रागावलेली नाही. एवढंच कळवायला हे पत्र.

ती बरी आहे. पाठ दुखते, पण ती पूर्वीही दुखायची. रोज दुपारी अंगणात गवत पसरते, कॉफीच्या बिया भाजते आणि सहा कप मांडते. वास नळापर्यंत येतो. हल्ली लोक जरा कमी जातात. समोरची घरांची रांग पाडली, त्यांना शहराबाहेरच्या इमारतींत जागा दिल्या. आता समोर नुसतं पत्र्याचं कुंपण आहे. आम्ही एकतीस घरं उरलो आहोत आणि सगळे आपापल्या कामात असतात.

जुने सचिव अबा तेसेमा वारले. त्यांच्यानंतर इद्दिरची, म्हणजे गल्लीच्या मयत-मंडळाची, वही माझ्याकडे आली. आमच्या घराण्यात शाळेत गेलेली मी पहिली, म्हणून माझ्या आईला वाटलं आपल्याला मानच मिळाला. मुलूचं म्हणणं, "पोरीच्या हातात वही दिलीत, आता मैत्रिणींची हजेरी घरबसल्या लागेल." तसं काही होऊ नये म्हणून मी फार काळजी घेतली. फारच घेतली.

सिनिदू


हिदार १७

बिर्के,

तुझी चिठ्ठी सुटीवर आलेल्या मुलीने आणून दिली. एकच ओळ: "आईला काय झालंय ते सरळ लिही, अर्ज भरल्यासारखं लिहू नकोस."

बरं. मागच्या पत्रात तीन गोष्टी खोट्या होत्या. ती बरी नाही. तिच्याकडे लोक कमी जात नाहीत, अजिबात जात नाहीत. आणि त्याचं कारण मी आहे.

तुला नियम आठवतो का? आपण लहान असताना तंबूत फक्त भाजलेले चणे खायला जायचो. गल्लीत कुणी गेलं की झेरिहुन पहाटे कर्णा वाजवत फिरतो. तो वाजला की प्रत्येक घरातून एकाने तरी निघायचं, चर्चपर्यंत जायचं, मग तंबूत बसायचं. मी हजेरी घेते. ओळीने तीन मयतींना घर गैरहजर राहिलं की सचिवाने दारात जाऊन कारण विचारायचं. कारण नसेल तर नाव खोडायचं. खोडलेल्या घरासाठी तंबू नाही, बाकं नाहीत, मोठी पातेली नाहीत, खांदा द्यायला माणसं नाहीत.

या पावसाळ्यात तीन मयती झाल्या. तुझी आई एकीलाही आली नाही.

तुझी आई! तीस वर्षं गल्लीतल्या प्रत्येक मेलेल्या माणसासाठी सगळ्यात आधी तंबूत बसलेली बाई. जिच्या रडण्याने परक्याच्याही डोळ्यांत पाणी यायचं. लोक म्हणाले, मुलीचे पैसे येतात, आता आपण कशाला हवे. मी त्यात काही बोलले नाही. नियमाप्रमाणे तिसऱ्या मयतीनंतर तिच्या दारात गेले. ती पाठमोरी बसून इंजेराचं पीठ ढवळत होती. मी आत नाही गेले, कारण नियमात 'दारात' असं आहे. मोठ्याने वाचलं, "वैझरो अस्नाकेच, आपण तीन वेळा गैरहजर आहात, कारण सांगावं." ती ढवळत राहिली. पत्र्यावर पाऊस होता. मी पुन्हा वाचलं. तिने वळूनही पाहिलं नाही. मी वहीत लिहिलं: 'विचारलं असता उत्तर दिलं नाही.' पट्टी धरून, सरळ रेघ मारून नाव खोडलं. त्या रात्री मला चांगली झोप लागली, हेही लिहून ठेवते. मुलूला आता काही बोलता येणार नव्हतं.

त्यानंतर कुणी तिच्याकडे कॉफीला गेलं नाही. जिने सचिवाला उत्तर दिलं नाही, जिने मेलेल्यांना उत्तर दिलं नाही, तिच्या अंगणात कोण बसणार?

तिकिम्तच्या पहिल्या रविवारी मी तिच्या दारावरून चालले होते. कॉफी भाजण्याचा वास येत होता. सहा कप मांडलेले, आणि ती एकटी. फळीवर फोन वाजत होता. ती त्याच्यापासून हातभर अंतरावर होती. कोळशाला वारा घालत राहिली. वाजून वाजून फोन थांबला, पुन्हा वाजायला लागला. मी आत गेले. फोनवर तुझं नाव होतं.

मी हाक मारली, "एमामा." मग जरा मोठ्याने. मग अगदी तिच्या मानेजवळ जाऊन. ती पंखा हलवत राहिली. माझी सावली कपांवर पडली तेव्हा ती दचकून वळली.

बिर्के, मी तो फोन उचलला नाही. उचलायला हवा होता. तू माझा आवाज ओळखशील आणि ठेवून देशील म्हणून घाबरले. आणि फोनवर बोललेलं मला खोडता येत नाही.

मी ओरडून विचारलं, "कधीपासून?"

"ओरडू नकोस," ती म्हणाली, "गल्लीला ऐकू जाईल."

फासिकाच्या सणापासून. आधी डावा कान, मग दोन्ही. पावसाळ्यात पत्र्याखाली कुणालाच कुणाचं ऐकू येत नाही, म्हणून कुणाला संशय आला नाही. ती तोंडाकडे बघून बरंचसं समजून घेते. फोनला तोंड नसतं. तू काय म्हणतेस ते कळत नाही, म्हणून ती "बरी आहे" म्हणते आणि तू काही विचारायच्या आत ठेवून देते.

मी म्हटलं, गाशे देमिसेंना सांगते, ते अध्यक्ष आहेत, आजच नाव परत लिहितील. तिने माझं मनगट धरलं. "मरियमची शपथ घे, सांगणार नाहीस. गल्लीला कळलं की उद्या बैरुतला कळेल. पोरगी सगळं टाकून येईल. आणि इथे येऊन करणार काय, माझ्या कानात बसणार?" मग म्हणाली, "पण तंबू मिळणार नाही ना गं मला?"

मी शपथ घेतली. आणि आता तुला लिहून ती मोडते आहे. त्याचं काय व्हायचं ते मी बघेन, तू त्यात पडू नकोस. घाबरून तिकीटही काढू नकोस. नाव मी खोडलं, मीच परत लिहिणार.

सिनिदू


ताहसास १३

बिर्के,

नाव परत लिहिता आलं नाही. वर आणखी एक करून बसले आहे. क्रमाने सांगते.

काल गाशे देमिसेंच्या अंगणात महिन्याची बैठक झाली. तीस वर्षं बस चालवलेला माणूस, अजूनही प्रवाशांकडे आरशातून बघावं तसा बघतो. मी उठले. म्हटलं, "चौदाव्या ओळीतलं नाव चुकून खोडलं गेलं. चूक सचिवाची आहे. ते परत लिहायची परवानगी द्या."

"काय चूक?"

"मी दारातून विचारलं. समोर जाऊन विचारलं नाही."

"नियमात दार आहे की समोर?"

"दार आहे."

"मग चूक कुठली? ती तिन्ही वेळा आली नाही, याला कारण होतं?"

"होतं."

"कोणतं?"

"ते मला माहीत आहे. सांगायची मुभा नाही."

मुलूने कपाळाला हात लावला. "वा सचिवबाई! माझी नातवंडंसुद्धा शिक्षकांना याहून बरी थाप मारतात."

सगळे हसले. गाशे देमिसे हसले नाहीत, ते मला जास्त लागलं. ते म्हणाले, "हे बघ पोरी, समोरची रांग गेली. उद्या आपलीही जाईल. मग आपल्याकडे ना रस्ता राहील ना नळ, हा कर्णा तेवढा आहे. त्याला जो उठत नाही त्याला मी मोजू कसा? कारण सांग, आत्ता लिहू."

त्यांचं बोलणं मला पटत होतं, हेच वाईट. एक शब्द बोलले असते तर काम झालं असतं. तो अगदी जिभेच्या टोकाशी आला होता. पण शपथ तुझ्यापुरती मोडणं वेगळं आणि तिची लाज एकतीस घरांत वाटणं वेगळं. मी म्हटलं, "सांगणार नाही. आणि नाव परत लिहिल्याशिवाय खाली बसणार नाही."

"मग उभी राहा," मुलू म्हणाली, "पाय तुझेच आहेत."

मी उभी राहिले. त्यांनी पातेल्यांना कल्हई करायची चर्चा केली, तंबूला पडलेल्या भोकाची चर्चा केली. मी उभीच. वही दोन्ही हातांनी पुढे धरली होती. मग माझी आई उठली.

तू माझ्या आईला ओळखतेस. बैठकीत ती कधी खोकलीही नसेल. ती म्हणाली, "मला वाचता येत नाही. पण माझं नाव कितव्या ओळीत आहे ते मला ठाऊक आहे. नवव्या. तेही खोड."

"आई, खाली बस," मी म्हटलं.

"मी का बसू? तू जन्मलीस तेव्हा मला तीन दिवस कोणी भरवलं? यांच्या वहीने? अस्नाकेचला तंबू नाही तर मलाही नको. खोड म्हणते ना."

गाशे देमिसे म्हणाले, "वैझरो, रागात असं करू नका."

"रागात नाही. राग असता तर याआधीच बोलले असते."

बिर्के, मी पट्टी काढली. माझ्या आईचं नाव मी स्वतःच्या हाताने, पट्टी धरून खोडलं. तरी रेघ वाकडी आली. वही गाशे देमिसेंच्या पुढ्यात ठेवली आणि आम्ही दोघी चालत्या झालो.

वाटेत मला रडू फुटलं. मी आईला म्हटलं, तुला कारणही माहीत नाही आणि तू एवढं केलंस. ती म्हणाली, "कारण? ती बहिरी झाली आहे ते मला फासिकानंतर आठच दिवसांत कळलं."

"मग मला सांगितलं का नाहीस?"

"तू विचारलंस का? तुमच्या वहीत तसा रकाना नव्हता."

आज सकाळी वही माझ्या उंबऱ्यावर होती. झेरिहुन ठेवून गेला. चिठ्ठी नाही, निरोप नाही. मी ती उघडलेली नाही. पण दुपारी आई आणि मी तुझ्या घरी कॉफीला गेलो. तिन्ही फेऱ्या होईपर्यंत बसलो. दार सताड उघडं ठेवून बसलो, मुद्दाम. जाणारी येणारी बघत होती. बघू देत.

सिनिदू


तिर ८

बिर्के,

गाशे देमिसेंची आई गेली. शुक्रवारी.

कर्णा वाजला तेव्हा आई आणि मी अंगणातच होतो. आई रस्त्यात झेरिहुनला आडवी गेली. "अस्नाकेचच्या दाराला टेकवून वाजव."

"नाव खोडलेल्याच्या दारात मी थांबत नाही, एतेते. मला अध्यक्ष ओरडतील."

"कोण थांब म्हणतंय? चालता चालता टेकव."

तो आधी माझ्याकडे, मग आईकडे बघत राहिला. मग त्याने कर्ण्याचं तोंड तुझ्या पत्र्याच्या दाराला लावलं आणि छाती फुगवून फुंकला. अख्खं दार थरथरलं. कडी वाजायला लागली. कोपऱ्यावरची कुत्री पळाली. मी खिडकीतून पाहिलं. तुझ्या आईची खाट दाराला लागून आहे. ती उठून बसली, दारावर तळहात ठेवला आणि तसाच धरून राहिली. कुणी गेलंय, हे हाताने कळलं तिला. तिने नेतेला, पांढरा पातळ शेला, खांद्यावर घेतला, दुखवट्यात घेतात तसा काठ गळ्याशी येईल असा. बाहेर येऊन तिने माझ्या तोंडाकडे बघत विचारलं, "कोण?" मी सांगितलं. ती म्हणाली, "माझं नाव खोडल्याची गोष्ट म्हातारीला कुणी सांगितली नसेल, तर मी जाते."

आम्ही तिघी गेलो. सगळ्यात मागे चाललो, पण चाललो. तुझी आई चर्चमध्ये रडली. तसं रडणं गल्लीने पावसाळ्यापासून ऐकलं नव्हतं. स्वतःचा आवाज तिला ऐकू येत नव्हता, म्हणून आवर घालायचा प्रश्नच नव्हता.

तंबूत आम्ही कडेच्या बाकावर बसलो. कुणी उठवलं नाही, कुणी सरकून जागाही दिली नाही. गाशे देमिसे समोर बसले होते, दाढी वाढलेली, डोळे सुजलेले. त्यांनी मला हाताने बोलावलं. "वही आणलीस?"

आणली होती. का आणली होती ते विचारू नकोस. घराबाहेर पडताना ती हातात होती.

"वाच."

"मी सचिव नाही, गाशे."

"राजीनामा मी घेतलेला नाही. वाच."

मी उभी राहिले आणि पहिल्या ओळीपासून वाचायला लागले. लोक "आले, आले" म्हणत गेले. नववं नाव खोडलेलं होतं. मी ते वाचलं. "आले," माझी आई म्हणाली. तंबूत चुळबूळ झाली. दहा, अकरा, बारा, तेरा. माझा आवाज बारीक होत चालला होता. चौदावं.

मी वाचलं नाही. वही घेऊन बाकांच्या मधून चालत गेले. तुझ्या आईच्या समोर जाऊन उभी राहिले, अगदी समोर, तिला माझं तोंड दिसेल अशी. आणि म्हटलं, "वैझरो अस्नाकेच."

"आले!" ती म्हणाली. इतक्या मोठ्याने, की बाहेर पातेली घासणाऱ्या बायका आत डोकावल्या.

मागून मुलू खेकसली, "एवढं ओरडायला बहिरी झालीस का गं?"

तुझ्या आईला ते कळलं नाही. पण सगळ्यांच्या माना मागे वळलेल्या तिला दिसल्या. तिने मला विचारलं, "काय म्हणाली?"

मला शपथ होती. पण मी काही सांगत नव्हते, विचारलेलं पोचवत होते. मी मुलूचं वाक्य तिच्यासमोर शब्द सुटे करून म्हटलं.  ती उठली, मुलूकडे वळली.

"हो, झाले. फासिकापासून. तुझे टोमणे ऐकू येत नाहीत, तेवढी सोय झाली आहे."

पहिल्यांदा कोण हसलं ते माहीत नाही. दुखवट्याच्या तंबूत हसू नये म्हणून लोक नेतेल्याच्या आत हसत होते. मुलू हसली नाही.  माझं लक्ष गाशे देमिसेंकडे होतं. ते वहीकडे बघत होते, मग तुझ्या आईकडे, मग वाटेत उभ्या असलेल्या माझ्याकडे.

"पुढचं नाव," ते म्हणाले.

मी पंधरावं नाव वाचलं. 

घरी येऊन दोन्ही नावं खाली नव्याने लिहिली. खोडल्याच्या रेघा तशाच ठेवल्या आहेत. त्यांच्यापुढे तारीख घालून लिहिलं: 'चूक सचिवाची. दारातून विचारलं.' पुढच्या सचिवाला दिसायला हवं. पुढच्या बैठकीत नियमात 'दारात' च्या जागी 'समोर' लिहून घेणार आहे. गाशे देमिसे नाही म्हणाले तर पुन्हा उभी राहीन. पाय माझेच आहेत.

अजून सगळे येत नाहीत कॉफीला. येतील असंही सांगत नाही. पण तिसऱ्या दिवशी मुलू आली. बिया करपल्या म्हणाली, साखर कमी म्हणाली, तिन्ही फेऱ्या प्यायली आणि जाताना तुझ्या आईच्या समोर जाऊन, ओठ फाकवून, "उद्या येते" म्हणाली. तुझी आई मला म्हणाली, "ही बया तोंड केवढं उघडते, मला तिचे सगळे किडके दात दिसले."

आता तुझ्यासाठी. रविवारी तीन वाजता फोन कर. मी उचलणार आहे. माझा आवाज ओळखून ठेवून दिलास तर मी पुढच्या रविवारीही तिथेच बसलेली असेन, त्याच्या पुढच्याही. तू जे बोलशील ते मी तिच्यासमोर बसून जसंच्या तसं सांगेन. एक शब्द वाढवणार नाही, एक गाळणार नाही. मला शिव्या दिल्यास तर त्याही सांगेन.

आणि कधी आलीस, कायमची नाही, सुटीला, तर गल्लीच्या तोंडापासून हाका मारत येऊ नकोस. तिला ऐकू येणार नाही. सरळ अंगणात ये, तिच्या समोर बस.

माझ्याही.

सिनिदू